अस्वल हासवते म्हने

फागुन सरत आला का आमच्या दारातून एक वास घरात येते. त्याले कोनी बलावत नाही. सकाळी दार उघडलं का तो उंबरठ्यावर बसूनच असते, गोड, जड, थोडासा आंबूस. मोहाच्या फुलांचा वास. कोनाले त्या वासानं दारू आठवते, बकऱ्याइले चारा आठवते, माह्या सुनेले टोपली आठवते. मले जे आठवते ते मी बोलत नाही. मी घोटभर पानी पिते अन् कामाले लागते. जिंदगीभर असंच करत आली.

यंदा ते वासानं आठवलं नाही. त्याच्या आधीच आठवलं. मोबाइलातल्या अस्वलानं.

खुशी माही नातीन. माह्या रामदासची पोरगी, पाचवीत जाते. त्या दिवशी दुपारी दारापुढच्या सपरीत पाय लांब करून मोबाइल पाहून राहिली होती अन् एकटीच खिदळून राहिली होती. मी बाजूले लाखोरीची दाळ पाखडत बसली होती.

"आजी, इकडे ये ना व. पाह्य, काय मज्जा आहे."

"मले नाही समजत तुहं ते."

"यात कोनी बोलतच नाही. सारं दिसते फक्त. खूप जुनं कार्टून आहे, तुह्यापेक्षा जुनं."

"माह्यापेक्षा जुनं आता या गावात काय उरलं व?" म्हनून मी सूप बाजूले ठेवलं अन् सरकली.

एक गोल पोटाचा मानूस होता. मोटारीच्या टपावर गाठोडं बांधून जंगलात आला. कपड्याचं घर उभं करते तं ते त्याच्याच डोक्यावर पडते. पुन्हा उभं करते, पुन्हा पडते. मंग झाडामागून अस्वल आलं. मोठं, गुबगुबीत, साबनानं धुतल्यासारखं चकचकीत. त्यानं त्या मानसाचं जेवन खाल्लं, त्याची टोपी घातली, त्याच्याच खुर्चीवर पायावर पाय टाकून बसलं. मानूस काठी घेऊन धावला तं अस्वलानं त्याले एक चापट देली. मानूस पापडासारखा चपटा झाला, डोक्याभोवती चांदन्या फिरल्या, अन् मंग फूऽ करून फुगला अन् उठून उभा राहिला. अंगावर एक ओरखडा नाही.

खुशी हासता हासता माह्या मांडीवर पडली. "आजी, तू काहून नाही हासून राहिली?"

"मले बरोबर दिसत नाही बाई."

दिसत होतं. चांगलं दिसत होतं. त्या अस्वलाले नखंच नव्हती. चित्र काढनाऱ्यानं काढलीच नव्हती.

"हा मानूस जंगलात कायले गेला?" मी इचारलं.

"फिराले. त्याले कॅम्पिंग म्हनते. तंबू टाकाचा, तिथंच रांधाचं, तिथंच झोपाचं."

"अन् काम?"

"काम काहीच नाही. मज्जा कराची."

"घरी छत असून?"

"हो ना."

तेव्हा मात्र मले हासू आलं. "मंग आमी तं दरसाल कॅम्पिंगले जात होतो व."

खुशी ताडकन उठून बसली. "सच्ची? तंबू होता तुमचा?"

"होता. पळसाच्या पानाचा."

तिचे डोळे असे मोठे झाले. अन् मंग तिनं जे म्हनलं ते मले आधी समजाले पाहिजे होतं. म्हने, "यंदा मी पन जाऊन राहिली आईसंग मोहा वेचाले. आईनं हो म्हनलं. सुट्टीच्या दिवशी सकाळी. आमची पन कॅम्पिंग." अन् पुन्हा मोबाइलात तोंड घातलं. माह्या बाजूचं सूप तसंच राहिलं. दाळीवर एक मुंगी चालत होती, मी तिलेच पाहत बसली.

तिले वाटलं मज्जा. मज्जा नव्हती असं तरी कसं म्हनू? मोहाचे दिवस आले का अर्धं गाव जंगलात जात होतं. धानाच्या बांधीतली लाखोरी काढून झालेली राहे, हाताले दुसरं काम नसे, अन् घरातल्या धान्याच्या ढोलीत हात घातला तं कोनीतरी खालून हात धरते का काय असं वाटे, इतकी ती रिकामी. गावाजवळची झाडं गावाजवळच्या लोकाइची. आमचं झाड दूर, नाकाडोंगरीच्या अंगाच्या जंगलात, नाला ओलांडून. एका बुडातून दोन खोडं निघालेली, म्हनून त्याले जोडमोहा म्हनत. सासऱ्याच्या बापापासून ते आमचं. कोनता कागद नाही, काही नाही, पन दुसरं कोनी त्याच्या खाली टोपली ठेवत नव्हतं. रोज जानं-येनं परवडत नसे, म्हनून तिथंच डेरा टाकाचा. चार मेढी, वरून पळसाच्या फांद्या, खाली तनस. एक गंज, एक तवा, मीठ, मिरची, चिंधीत बांधलेले तांदूळ. झालं घर.

पहाटच्या आंधारात फुलं पडाले लागत. टप. मंग थांबून टप. मंग टपटप, टपटप, जसं कोनी वरून सावकाश माळ तोडून राहिलं. उजाडलं का खाली पाहाचं, लोन्याच्या रंगाचे दाने जागोजागी सांडलेले. वेचता वेचता बोटं चिकट होत, मंग काळी होत, मंग बोटाले बोट लागलं का सुटत नसे. पाठ मोडून जाये. माश्या, मुंग्या, वर पोपटाइचा कल्ला. दुपारी डोंगरापलीकडच्या खानीत सुरुंग उडे, धडाम, अन् सारं जंगल एकदम चूप होये, पोपटही चूप, आपला श्वास आपल्याले ऐकू ये. वेचलेली फुलं डेऱ्याच्या पुढं सारवलेल्या जाग्यावर वाळत घालाची. संध्याकाळी त्यातलीच मूठभर पेजेत शिजवाची. त्या पेजेची चव अजून माह्या जिभेवर आहे. गोड लागे, अन् खाताना मान मात्र मागं वळून वळून पाहे.

काहून का मोहा फक्त मानसालेच आवडते असं नाही. हरन येते, माकडं येते, अन् ते येते. जंगलात त्याचं नाव घेत नव्हते. 'काळा बुढा' म्हनत. माही सासू भागरता, तिनं मले पहिल्याच साली सांगतलं होतं, "वाघ मानसाले टाळते. हा बुढा टाळत नाही. त्याले दिसते कमी, ऐकू येते कमी, नाकानंच चालते. तू समोर आली का त्याले वाटते तूच त्याच्या अंगावर आली. अन् तो पायाले धरत नाही, तोंडाले धरते." हे सांगताना ती भाकर थापत होती. हात थांबला नाही तिचा.

म्हनून डेरा टाकाच्या दिवशी पहिलं काम झाडाखालचा पाला जाळाचा. फुलं साफ दिसाव म्हनूनही, अन् धूर बसाव म्हनूनही. धुराचा वास दोन-चार दिवस जमिनीत राहते, बुढा तिकडून फिरत नाही असं म्हनत. आता पाला जाळू देत नाही, वनवा पेटते, अन् ते खरंच आहे, मी पाहिला आहे डोंगर जळताना. पन तेव्हाची भेवानं भरलेली बाई वनव्याचा इचार करत नव्हती.

त्या साली रामदास पोटातून नवाच बाहेर आला होता. मान धरली होती, बसत नव्हता अजून. सासू म्हने, "लेकराले घेऊनच चाल. घरी ठेवून त्याले पाजन कोन? मी?" तसे गेलो. माहे मालक पहिली फुलं वाळल्यावर गाठोडं घेऊन गावाले गेले, दुसऱ्या दिवशी येतो म्हनून. मागं आमी दोघी अन् लेकरू. दुसऱ्या बाया होत्या, पन त्याइची झाडं नाल्याच्या वरच्या अंगाले, हाक दिली तं पोचन इतक्या दूर.

अन् त्या साली पानी आलं होतं. अवकाळी. डेरा टाकाच्या आदल्या दिवशी असं सडकून पडलं का झाडाखालचा पाला ओलाकच्च. सासूनं दोनदा काडी लावली, नुसता फुसफुस धूर अन् बंद. "राहू दे," म्हने, "झाडून घेऊ." खराट्यानं झाडलं. जमीन साफ झाली, पन जळाचा वास काही नव्हता. मी काही बोलली नाही. सासूपुढं बोलाची रीत नव्हती, अन् बोलली असती तरी ओला पाला काही पेटला नसता.

लेकराची झोळी डेऱ्याजवळच्या चाराच्या, म्हंजे चारोळीच्या झाडाले बांधली. खाली वाळत घातलेली फुलं, वर झोळी, म्हंजे दोन्हीवर एकदम नजर राहते. झोळी म्हंजे माहं एक जुनं लुगडं. आमच्याजवळ लुगडं एका कामाचं नसे. रातचं पांघराचं, दिवसा फुलाचं गाठोडं बांधाचं, लेकरू झोपलं का त्याचीच झोळी. सगळ्याच बाया तसंच करत. त्या लुगड्यात तीन-चार दिवस मोहा वाहून आनला होता. रस मुरून मुरून ते कडक झालं होतं. आमाले त्याचा वास येत नव्हता. आमचंच अंग त्या वासाचं झालं होतं तं कसा येईन?

सूर्य नुकता वर आला होता. मी जोडमोहाच्या पलीकडे वाकून वेचत होती, डेऱ्याकडे पाठ. मागून आवाज आला, फूऽऽ, फूऽऽ, जसं कोनी फुंकनीनं चूल फुंकते. मले वाटलं आत्याबाईनं, म्हंजे सासूनं, पेज मांडली. मी वेचत राहिली. पुन्हा, फूऽऽ, अन् मंग सुर्र करून ओढल्यासारखं. मी मान वर केली तं आत्याबाई माह्या बाजूले. माह्यासारखीच डेऱ्याकडे पाठ करून वेचून राहिली.

मंग चूल कोन फुंकून राहिलं?

हे मी आता सांगते तं दोन शब्दात सांगते. पन तेव्हा ते माह्या टाळूपासून टाचेपर्यंत उतराले किती वेळ लागला ते मले मोजता येत नाही. मी वळली. काळं, केसाळ, पाठीवर धूळ बसलेली, अंगाले पाल्याचे तुकडे चिकटलेले. खाली मान घालून आमची फुलं खाऊन राहिलं होतं. फुंकून माती उडवाची अन् तोंडानं ओढाचं. फूऽऽ, सुर्र. अन् त्याच्या डोक्याच्या हातभर वर माह्या लेकराची झोळी.

ओरडाले मी तोंड उघडलं.  आत्याबाईनं माह्या तोंडाकडे पाहून मागं पाहिलं, अन् मंग फक्त हात खाली दाबला. थांब. ओरडू नोको. मी थांबली. पायाखाली फुलं होती, त्याइचा चेंदा होऊन राहिला होता, ते मले तळपायाले समजत होतं. बाकी काहीच समजत नव्हतं.

त्यानं खालची फुलं खाता खाता नाक वर केलं. झोळीचा खालचा कोपरा त्याच्या नाकाले लागला. ते थांबलं. हुंगलं. मंग मागच्या दोन पायावर उभं राहिलं, मानसासारखं. त्याच्या छातीवरचा पांढरा पट्टा मले दिसला. एका पंज्यानं त्यानं लुगडं खाली ओढलं, अन् चाटाले लागलं. झोळी हालली. हळू हळू, इकडून तिकडे. जशी मीच हालवून राहिली. अन् आतून रामदास हुंकारला. रडला नाही. पाळना हालला म्हनून खूष होऊन हुंकारला.

तेव्हा आत्याबाई उठली. तिची टोपली भरत आली होती. ती तिनं कमरेवर घेतली अन् चालाले लागली. धावली नाही. सरळ त्याच्याकडे. अन् चालता चालता बोलत होती, संध्याकाळी गाईले गोठ्यात बलावते त्या आवाजात. "आला का बुढा? ये. तिथं काय आहे? चिंधी आहे ती. हे पाह्य ताजं. आताच पडलं. ये इकडे, खा पोटभर." टोपली पालथी केली. फुलाचा ढीग पडला. ते चारी पायावर आलं, मान हालवली, अन् तिच्याकडे निघालं. ती ढिगामागून हटली नाही. ती हटली असती तं ते पुन्हा फिरलं असतं. त्यानं ढिगात तोंड घातलं तेव्हा त्याची पाठ झोळीकडे झाली होती. आत्याबाईनं मले मानेनं सांगतलं, जा.

मी कशी गेली ते मले माहीत नाही. लेकरू झोळीतून काढलं. गरम होतं. तोंडाले त्याच्या काही लागलं नव्हतं. अन् मी छातीशी धरलं तेव्हा, तेव्हाच, ते रडलं. इतका वेळ नाही रडलं. आईच्या अंगाले लागल्यावर रडलं.

अस्वलानं मान फिरवली. अन् आत्याबाईनं रिकामी टोपली त्याच्या थोबाडावर हानली अन् अशी बोंबलली का नाल्याच्या वरच्या बायाइनं हातातलं टाकून धाव घेतली. डबे वाजवत, पेटलेली लाकडं घेऊन आल्या. त्या येईपर्यंत जे झालं ते मी पाहिलं. ते मी सांगनार नाही, अन् खुशीलेही सांगतलं नाही.

बाजेवर टाकून नेलं तिले, बाजेले चार मानसं, मंग बैलगाडी, मंग मोटार, मंग तालुक्याचा मोठा दवाखाना. वाचली. एक डोळा गेला, डावा गाल गेला, ओठाचा कोपरा गेला. शुद्धीवर आली तं मालकाले म्हने, "सारी फुलं सांडली रे बाबू."

कार्टूनातला मानूस चपटा होते अन् फुगून उभा राहते. आत्याबाई त्यानंतर वीस-बावीस साल तरी उभी राहिली, पन फुगून नाही. डाव्या अंगाले पदर ओढूनच. पानी पिताना ओंजळ खाली धराची, ओठाच्या कोपऱ्यातून सांडे म्हनून. अड्याळच्या बाजारात गेलो होतो एकदा, तं तिथलं एक लहान पोट्टं तिले पाहून आईच्या मागं लपलं. आत्याबाईनं पदर आखीन ओढला अन् त्याच्या आईले म्हने, "त्याले रागावू नोको. भेन्यासारखंच आहे." अन् मिरच्या पाहाले लागली.

पुढच्या फागुनात ती पुन्हा गेली. आमी सारे गेलो. न जाऊन काय खावाव? मले लोकं म्हनत, भागरताबाई काही भेत नाही, दगडाची आहे. मीही तसंच समजत होती. एकदा, ती खूप थकली होती तेव्हा, अंगाले तेल लावता लावता मी इचारलं, "आत्याबाई, तुमाले त्या दिवशी भेव नाही लागलं?"

तिनं एका डोळ्यानं माह्याकडे पाहिलं. "लागलं ना व. पाय लटपट लटपट कापून राहिले होते. लुगड्यात होते म्हनून तुले दिसले नाही."

अन् रामदास? त्याले काहीच आठवत नाही, कसं आठवन? मोठा झाल्यावर लग्नात, पंगतीत, जिथं बसन तिथं सांगते, "मले अस्वलानं पाळना हालवून झोपवलं आहे गा, कोन्या राजाच्या पोरालेही असी दाई भेटली नसन." लोकं हासते. मीही तोंडावर पदर घेऊन हासल्यासारखं करते. जो झोळीत होता त्याच्या अंगात भेव नाही. जी झोळीच्या बाहेर उभी होती तिच्या अंगातून ते निघत नाही. लेकरू मोठं झालं, त्याले मिशा आल्या, त्याचं लग्न झालं, अन् अजून तो पाठ करून झोपला दिसला का मी त्याच्या वर-खाली पाहून घेते.

आता खुशी.

सुनीता म्हंजे माही सून. संध्याकाळी ती टोपलीले नवी दोरी गुंडाळून राहिली होती तेव्हा मी म्हनलं, "पोरीले नेऊ नोको."

"काहून आई?"

"काहून म्हनजे? वाघ फिरून राहिला म्हनते ना त्या अंगाले. परवाच वनरक्षक सांगून गेला."

"तो तं म्हने एकटं जाऊ नोका. अन् वाकून बसू नोका म्हने, वाघाले बसलेलं मानूस जनावर वाटते." सुनीता हासली, पन डोळ्यात हासू नव्हतं. "उभ्यानं मोहा कसा वेचाव ते नाही सांगतलं त्यानं."

"मंग तूही नोको जाऊ."

"अन् घर?" तिनं दोरीची गाठ दातानं ओढली. "तुमचा पोरगा शहापूरच्या सडकेच्या कामावर. शेजारची मंदा दरसाल माह्यासंग राहे, ती यंदा लेकीच्या बाळंतपनाले गेली. मी एकटी गेली तं चालते तुमाले? वाघाले सून चालते, नातीन चालत नाही, असं आहे का?"

 तिनं काही टोमना मारला नव्हता. तिले भेव लागून राहिलं होतं अन् ते तिनं माह्यासमोर ठेवलं होतं, इतकंच. दहा वर्साची पोरगी काही ती हातभार म्हनून नेत नव्हती. मागं कोनी असाव म्हनून नेत होती. एक आवाज असाव म्हनून.

खुशी आतून ओरडली, "आजी, मी जाईनच! मी प्लास्टिकचा निळा तंबू पन काढून ठेवला!"

"तंबू-गिंबू काही नाही," मी म्हनलं. "उन्ह तापाच्या आत घरी याचं. अन् मी पन येऊन राहिली."

सुनीतानं वर पाहिलं. "तुमी? तुमचे गुडघे?"

"गुडघे वेचनार नाही. मी उभी राहीन."

 तिनं उठून माह्यासाठी काठी शोधून आनली, तिचं टोक दगडावर घासून दारात उभी करून ठेवली.

गेलो. पाच-सहा सालानं मी त्या रस्त्यानं चालली. नाल्यात पानी नव्हतं, नुसती वाळू. वाळूवर पंज्याचे ठसे होते, कोल्ह्याचे का कोनाचे, मी पाहून न पाहिल्यासारखं केलं, अन् सुनीतानंही. आमी दोघीनं एकमेकीकडे पाहिलं नाही, यावरून मले समजलं का तिलेही दिसले. खुशी पुढं पुढं उड्या मारत होती. "आजी, इथं टाकत होते का तंबू? इथं का?" चाराचं ते झाड आता नाही. त्याच्या जाग्यावर झुडपं माजली. ती जागा पोरीले दाखवाची गरज नव्हती, मी दाखवली नाही.

जोडमोहाचं एक खोड वाळलं आहे. दुसऱ्याखाली फुलं पडली होती, भरपूर. सुनीता एका अंगाले बसली, खुशी माह्यापासून काठीभर दूर. मी उभी. पाठ खोडाले लावली नाही, झाडाच्या मागं काय आहे ते दिसत नाही म्हनून. गोल फिरत राहिली, कोंबडी पिलाभोवती फिरते तसी.

पहिले खुशी बडबड करत होती. "आजी, हे पाह्य दोन जुडलेली. आजी, हे चिकट लागते व." मंग बोटं दुखाले लागली असन, बडबड कमी झाली. मंग बंद. फक्त टोपलीत फूल पडाचा आवाज. इतक्यात दूर सुरुंग उडला. आता सकाळीही उडवते. अन् जंगल चूप झालं. पोपट चूप. वारा नाही. पलीकडच्या करवंदीच्या जाळीत काहीतरी हाललं. एकदा. थांबलं. पुन्हा हाललं.

 काठी दोन्ही हातानं धरली, पन काठी आधार होती का हत्यार, ते हाताले ठरवता येईना. पाहते तं खुशी वाकून बसलेली, दोन वेन्या पुढं लोंबत होत्या, पाठ जाळीकडे. इतकीशी पाठ. शाळेच्या जुन्या शर्टाची. सुनीता दुसऱ्या अंगाले उठून उभी राहिली होती, हातात दगड.

खुशीनं मान वर केली. माह्या तोंडाकडे पाहिलं. लेकराइले तोंड वाचता येते, पुस्तकाच्या आधी येते.

"आजी," ती हळूच म्हने, "तुले भेव लागून राहिलं का?"

दुसऱ्या कोनी इचारलं असतं तं मी नाही म्हनलं असतं. सवय आहे नाही म्हनाची. पन ही जाळीकडे पाठ करून बसली होती, हिले खोटं सांगून चालत नव्हतं.

"हो," मी म्हनलं. "लागून राहिलं."

तिनं हातातलं फूल टोपलीत टाकलं. मंग म्हने, "मले पन."

"मंग चूप नोको बसू. उठून उभी राह्य, अन् बोल. जोरानं बोल."

"काय बोलू?"

"काहीही. तुह्या शाळेतलं सांग."

ती उभी राहिली. आधी आवाज कापत होता. बाईचं नाव सांगतलं, मंग बाजूले कोन बसते ते, मंग ती मुलगी कशी डब्यातलं लोनचं चोरते ते. बोलता बोलता आवाज मोठा झाला. जाळी एकदा जोरानं हालली अन् काहीतरी धपाधपा पाय आपटत उतारावरून खाली गेलं. रानडुक्कर असन. असन. मी पाहाले गेली नाही. सुनीताचा हात दगडासकट खाली आला.

"अन् मंग?" मी म्हनलं. "लोनचं चोरलं, अन् मंग काय केलं तिनं?"

"मंग आमी तिचा डबा लपवला," खुशी मोठ्यानं म्हने अन् सांगत राहिली. सुनीता पुन्हा वेचाले बसली, अन् बसल्या बसल्या तीही इचाराले लागली, "कोनी लपवला व? तूच लपवला असन." मी काठी टेकत फिरत होती, जाळीकडे पाहत होती, अन् प्रत्येक गोष्टीले हो, हो म्हनत होती. पोरीच्या बोलन्यात आता खंड पडत नव्हता. वरून फुलं पडून राहिली होती.